मी गाडीतून उतरवलेली बाई

अठरा वर्षांची असताना मी एका तेलुगू नटाच्या प्रेमात होते, आणि मला तेलुगूतला एक शब्द कळत नव्हता. त्यावाचून माझं काही अडलं नाही. त्याच्या तोंडी मीच शब्द घातले, आणि त्याच्या खऱ्या बोलण्यापेक्षा मला ते बरे वाटले. परवा माझ्या भाचीने जालन्याला एका कॅफेत कॉम्प्युटरवर मला दाखवलं, की आता सिनेमातल्या जोडप्याची पुढची गोष्ट मनाने लिहिणाऱ्या पोरी जगभर आहेत आणि लोक ती वाचून वाहवा करतात. "मावशी, तुला नाही कळायचं ते," म्हणाली. न कळायला काय झालं? हा उद्योग मी तिच्या जन्माआधी करून बसले आहे, आणि त्याचं काय होतं तेही पाहिलं आहे.

बदनापूरला शेतीसंशोधनाचं केंद्र आहे. गावात त्याला फारमच म्हणतात. दहावीला गणिताने आणि इंग्रजीने मिळून मला आडवं केलं, तेव्हा वडिलांनी पुन्हा परीक्षेला बसवायचा विषय काढला नाही. ते फारमावर पाणी द्यायच्या कामाला होते. दोन वर्षं मी घरी चूल सांभाळली, आणि मग एका सकाळी त्यांनी मला सोबत नेऊन तुरीच्या क्रॉसिंगला उभं केलं. "बोटं बारीक हायेत हिची," एवढीच माझी शिफारस त्यांनी मुकादमाकडे केली.

क्रॉसिंग म्हणजे तुरीच्या दोन जातींचा संकर. उद्या उमलेल अशी कळी आज हेरायची. ती बोटात धरून चिमट्याने हलकेच उघडायची, आतले दहाच्या दहा केसर काढायचे आणि मधली हिरवी काडी तेवढी ठेवायची. तिला धक्का लागला की कळी गेलीच. मग दुसऱ्या जातीच्या फुलातला पिवळा भुगा त्या काडीच्या टोकाला लावायचा आणि देठाला दोऱ्याने चिठ्ठी बांधायची. एखादा केसर आत राहिला तर फूल आपल्याच भुग्याने फळतं. शेंग धरते, दाणे भरतात, वरून काही म्हणजे काही कळत नाही. पुढच्या साली ते दाणे पेरून झाड वर आलं, की साहेब ओळखतात की हा क्रॉस खोटा.

कामाला आम्ही दहा-बाराजणी होतो. बऱ्याच जणींना लिहिता येत नव्हतं, म्हणून प्रत्येकीच्या चिठ्ठीचा दोरा वेगळ्या रंगाचा. कुणाचं काम खोटं निघालं ते वर्षाने दोऱ्यावरून कळायचं आणि मग बोलणी बसायची. माझा दोरा पिवळा होता. माझ्या शेजारच्या ओळीत आक्का असायची, तिचा निळा. निळ्या दोऱ्याचा क्रॉस खोटा निघाल्याचं फारमावर कुणाला आठवत नव्हतं.

आक्का माझी नात्याची नव्हती. पंचविशीच्या पुढची, उंच, कमी बोलणारी बाई. तिला वाटूरला दिली होती. पहिली मुलगी झाली हे एक निमित्त, आणि विहिरीवर दिराच्या गड्याशी हसून बोलली हे दुसरं. दोन वर्षांपूर्वी नवऱ्याने तिला पोरीसकट वाटूरच्या फाट्यावर आणून सोडलं आणि तो माघारी गेला. एसटीत बसवायलाही थांबला नाही. तेव्हापासून ती रुळापलीकडच्या वाडीत भावाकडे राहत होती. भाऊ मेंढरं घेऊन अर्धं वर्ष बाहेर, घरात भावजयीचा कारभार. भावजय वाईट नव्हती, पण भाकरी टोपल्यात टाकताना तिचा हात जरा जोरात आपटायचा, एवढंच आक्का सांगायची. तिची तीन वर्षांची पोरगी दिवसभर बांधावरच्या बाभळीखाली खेळत बसायची.

त्या साली फारमावरचे एक साहेब तेलंगणातले होते. त्यांच्या बायकोला आम्ही बाई म्हणायचो. क्वार्टरमध्ये टीव्ही होता आणि व्हीसीआरही होता, आणि बाईंचा भाऊ सिकंदराबादहून गाडीबरोबर कॅसेटी पाठवायचा. रविवारी दुपारी बाईंचं तान्हं बाळ सांभाळायला मी जायची. बाळ मांडीवर, डोळे पडद्यावर. बाई अंबाडीचा पाला निवडता निवडता मध्येच आपल्या हैदराबादी हिंदीत अर्थ सांगायच्या, तोही मनात आलं तर. नाही तर माझं मलाच लावून घ्यावं लागे.

त्यातला एक सिनेमा मी तीनदा पाहिला. मोठ्या नदीच्या काठचं गाव, नावाड्याची पोरगी, जमीनदाराचा मुलगा. लग्न होतं. मग सासू तिच्याविषयी काहीबाही सांगते, तो ऐकतो आणि तिला घराबाहेर काढतो. शेवटी ती कडेवर लेकरू आणि हातात पत्र्याची पेटी घेऊन स्टेशनावर येते. गाडी येते. ती चढते. खिडकीतून मागे बघते. फलाट रिकामा असतो. गाडी सुटते, आणि संपलं. मला वाटलं कॅसेट तुटली. मी बाईंना विचारलं, तो येत नाही? बाई पाल्याचे देठ मोडत म्हणाल्या, "उनो आताच नै. आके भी क्या फायदा?"

मला मात्र तो यायला हवा होता. एवढ्या देखण्या माणसाला स्टेशनापर्यंत यायला काय धाड भरली, असं मला मनापासून वाटलं. दुसऱ्या दिवशी दिवेलागणीला मी ओट्यावर बसले आणि एका बाजूने लिहिलेल्या जुन्या नोंदवहीच्या कोऱ्या बाजूवर पुढची गोष्ट लिहायला घेतली. मी त्याला बैलगाडीतून आणला. घोडा मला लिहिता आला नसता. नदीकाठच्या त्या गावाला मी बदनापूरचं स्टेशन जोडून दिलं, लिंबाच्या झाडासकट. गार्डाने शिट्टी दिली, तेवढ्यात तो धावत आला आणि डब्याच्या दांडीला धरून म्हणाला, "चुकलो मी. खाली उतर." ती उतरली. मग मी त्याला तिच्या हातची ज्वारीची भाकर खाऊ घातली. तिकडची माणसं भात खातात हे मला माहीत होतं, पण भाताने माझं समाधान होत नव्हतं.

ओळीत काम करताना बोलायला मनाई नव्हती, हात थांबला नाही म्हणजे झालं. मी मुळात सिनेमाच सांगायला सुरुवात केली होती, रोज थोडा थोडा. बाया कळीवरून नजर न काढता ऐकायच्या. मध्ये कुणीतरी "हं" म्हणायचं. ज्या पोरीला शाळेने दोन विषयांत ढ ठरवलं होतं, तिच्या तोंडाकडे दहा बाया कान लावून होत्या. माझ्या आयुष्यात असं पहिल्यांदाच घडत होतं. त्याची चव वाईट असते, हे मी आज सांगू शकते.

आक्का "हं" म्हणत नसे. ती प्रश्न विचारायची. सासू काय म्हणली? तिच्या बापानं तिला घरात घेतलं का? लेकरू कितीक मोठं हाये? गोष्टीतली बाई कशी दिसते, काय नेसते, यात तिला काडीचा रस नव्हता.

दिवाळी झाली आणि वाटूरचा निरोप आला. नवऱ्याचं मन पालटलंय, चंपाषष्ठी झाली की पाच माणसं घेऊन नांदायला न्यायला येतो, असा. भावजयीच्या तोंडावर त्या दिवशी पहिल्यांदा हसू दिसलं, असं आक्काने सांगितलं. ओळीतल्या बाया दोन्ही बाजूंनी बोलल्या. कुणी म्हणे, आपलं घर ते आपलं घर. कुणी म्हणे, एकदा फाट्यावर सोडणारा दुसऱ्यांदा काय करील सांगता येत न्हाई. आक्का ऐकून घ्यायची आणि पुढची कळी धरायची.

त्याच आठवड्यात साहेबांची बदली झाल्याचं कळलं. हैदराबादजवळच्या एका मोठ्या फारमावर त्यांना बोलावलं होतं. बाईंनी आक्काला सोबत यायला सांगितलं. हे सांगणं माझ्यामार्फतच झालं, कारण आक्काला हिंदी जेमतेम आणि बाईंना मराठी त्याहून कमी. "इसकू बोल," बाई मला म्हणाल्या, "उदर ये काम करने कू अच्छे हाथ मिलते नै. साब बात करते. पीछे का कमरा खाली है, उसमें रहना. बच्ची कू स्कूल में डालती मैं." मी ते आक्काला सांगितलं, शब्द न् शब्द बराबर सांगितलं. तेव्हा माझ्या जिभेने काही चोरलं नाही. पण मला ते लागलं. बाईंचं बाळ मी सांभाळत होते, बाईंच्या भाषेवर मी जीव टाकत होते, त्या मुलखात राहायचं स्वप्न मी पाहत होते, आणि बाईंनी विचारलं होतं आक्काला. मला कुणी पाठवलं नसतंच, तरी त्यांनी एकदा विचारायला हवं होतं, असं मला वाटत राहिलं.

आक्काने विचार करायला चार दिवस मागून घेतले. साहेबांची गाडी चंपाषष्ठीच्या आदल्या दिवशी होती. म्हणजे एक तर ती गाडीत बसणार, नाही तर दोन दिवसांनी वाटूरच्या माणसांसोबत जाणार. तिसरी वाट भावजयीच्या टोपल्याची, आणि ती कधी बंद होईल याचा नेम नव्हता.

नेमकी त्याच चार दिवसांत माझी गोष्ट स्टेशनावर येऊन पोचली. सकाळची वेळ होती, तुरीवरचं दव वाळत होतं. मी पेटी सांगितली, कडेवरचं लेकरू सांगितलं, गाडी आणली, तिला गाडीत बसवली. आणि त्याला धावत आणला. बाया खुलल्या. एक म्हातारी म्हणाली, "आला का बाबा, बरं झालं." शेजारच्या ओळीतला चिमटा तेवढा थांबला होता.

"पिच्चरमदीच हाय का ह्ये?" आक्काने विचारलं.

"हो," मी म्हणाले.

"खरंच येतो त्यो?"

"येतो की. मी तीनदा पाह्यलं."

तीनदा पाहिलं हे खरं होतं. खोट्याला खऱ्याचा टेकू दिला की ते ताठ उभं राहतं, हे मला तेव्हा कुणी शिकवलं नव्हतं, तरी येत होतं.

मग पुढचे दिवस ती विचारत गेली आणि मी लिहीत गेले. संध्याकाळी ओट्यावर लिहायचं, सकाळी ओळीत सांगायचं. तो आईसमोर तिची बाजू घेऊन भांडला. त्याने तिच्यासाठी वेगळी चूल मांडली. तिच्या पायात काटा मोडला तर स्वतः काढला. आक्काने एकदा कळीकडे बघतच विचारलं, "पुन्ना कदी हात उचलला का त्यानं?" सिनेमात त्याने हात उचललाच नव्हता, नुसतं घराबाहेर काढलं होतं. ते तिने आपल्या घरातून त्या गोष्टीत आणलं होतं. मला ते कळायला हवं होतं. मी म्हणाले, "न्हाई, आक्का. कदीच न्हाई."

चौथ्या दिवशी आम्ही दोघी क्वार्टरच्या मागच्या दाराशी गेलो. बाई सामान बांधत होत्या, भांडी गोणपाटात गुंडाळत होत्या. आक्काने पदर सारखा केला आणि मला म्हणाली, "बाईला सांग, लई उपकार झाले. पर मी वाटूरला जाऊन राह्यले. पिच्चरमदला त्यो बी आल्ताच की टेसनावर तिला न्यायला. मानूस बदलतंय."

बाईंनी तेवढा एक शब्द पकडला. "स्टेशन बोलके क्या बोली उनो?"

मी दोघींच्या मध्ये उभी होते. एकीला माहीत होतं की तो येत नाही. दुसरीला मी सांगितलं होतं की तो येतो. मी त्यांचं बोलणं नीट एकमेकींपर्यंत पोचवलं असतं, तर एका क्षणात सगळा उलगडा झाला असता आणि मी दोघींच्याही नजरेतून उतरले असते. मी म्हणाले, "घर जाती बोली, बाई."

बाईंनी आक्काकडे थोडा वेळ पाहिलं. "मर्जी उसकी," म्हणाल्या आणि परातीला गोणपाट गुंडाळू लागल्या.

साहेबांना पोचवायला फारमावरची सगळी माणसं स्टेशनावर गेली, मीही गेले. बाईंनी बाळाला माझ्या हातून घेतलं, माझ्या गालाला हात लावला आणि त्या चढल्या. गाडी सुटल्यावर फलाट रिकामा झाला. लिंबाखाली मी बराच वेळ उभी राहिले. मला रडू येत होतं, ते बाईंसाठी होतं असं मी त्या दिवशी धरून चालले.

आक्का दोन दिवसांनी गेली. पाच माणसं आली होती, नवराही आला होता. मी त्याला वाडीत जाऊन पाहिलं. दिसायला साधा, खाली बघून बोलणारा माणूस. मला तो आवडला, हेही कबूल करते. आक्काने हातभर नवा चुडा भरला होता. निघताना तिने कनवटीचं निळ्या दोऱ्याचं रीळ काढून माझ्या हातात ठेवलं. "तुजा पिवळा धड न्हाई," म्हणाली, "ह्ये घे." तिने माझी चेष्टा केल्याची तेवढी एकच आठवण माझ्यापाशी आहे.

पुढच्या साली ते दाणे पेरले गेले. पिवळ्या दोऱ्याचे बरेच क्रॉस खोटे निघाले. ज्या दिवसांत माझं लक्ष गोष्टीत होतं, नेमक्या त्या दिवसांचे. नव्या साहेबांनी मला चिठ्ठ्या दाखवल्या, रागावले नाहीत. "ध्यान कुठं होतं?" एवढं विचारलं. मी तीन ओळींतली झाडं स्वतःच्या हाताने उपटली. वही तेव्हाच चुलीत घातली असती तर निदान गोष्टीला शोभलं असतं. मी ती पत्र्याच्या डब्यात ठेवली, वर निळं रीळ ठेवलं आणि गोष्टी सांगायच्या बंद केल्या. बायांनी चार दिवस आग्रह केला आणि सोडून दिला.

तिसऱ्या साली तूर फुलावर असताना आक्का परत आली. पोरगी सहा वर्षांची झाली होती, आईचा पदर धरून चालत होती. आक्काने उजवा हात पदरात झाकला होता. मुकादमाने चिमटा पुढे केला तेव्हा तिने डावा हात काढला, आणि मग सगळ्यांनी उजव्याकडे पाहिलं. अंगठा आणि जवळची दोन बोटं वाकत नव्हती. हाडं मोडून तशीच जुळली होती.

"काय झालं?" म्हातारीने विचारलं.

"पाटा पडला म्हनत्यात," आक्का म्हणाली. "पाटा आपल्या पायानं चालत येत न्हाई, माय."

त्यापुढे तिने कधी काही सांगितलं नाही आणि कुणी विचारलं नाही. मुकादम भला माणूस होता. त्याने तिला चिठ्ठ्यांना दोरे ओवायचं काम दिलं. ओळीच्या टोकाला गोणपाटावर बसून ती डाव्या हाताने दोरे ओवायची, लाल, हिरवे, पिवळे. निळा दोरा एका नव्या पोरीला दिला होता, तोही तीच ओवायची.

अशी नऊ वर्षं गेली. माझं लग्न गावातच झालं, दोन लेकरं झाली, तुरीचा हंगाम मात्र मी चुकवला नाही. दरसाल आम्ही दोघी एकाच ओळीच्या दोन टोकांना बसलो. मी तिला लुगडं घेतलं, तिच्या पोरीची पुस्तकं घेतली, तिच्या भावजयीला सणावाराला हातभार लावला. लोक म्हणायचे, सख्ख्या बहिणीपेक्षा जास्त करते. मी ऐकून घ्यायची. सांगायची एकच गोष्ट होती आणि ती सोडून मी सगळं केलं. रोज सकाळी वाटायचं, आज सांगू. आक्का समोर दिसली की वाटायचं, सांगून तिचं बोट थोडंच वाकणार आहे. ही सबब दिसायला शहाणी आहे. तिच्या आडून मी नऊ वर्षं काढली.

दोन हजार सालाच्या आसपासची दिवाळीची सुट्टी होती. आक्काची पोरगी पंधरा वर्षांची, दहावीला, वर्गात पहिल्या पाचात. तिच्या मॅडम म्हणत होत्या, जालन्याला वसतिगृहात ठेवा, पुढे नर्सिंगला जाईल. मामा म्हणत होता, दहावी झाली की उजवून टाकू, तीर्थपुरीकडचं एक स्थळ बराबर आहे. पोरगी दोन्हींकडे हसून बघायची. त्या दिवशी ती आईचा डबा घेऊन आली आणि बांधावर बसली, तिथेच, जिथे लहानपणी खेळायची.

"मावशी," ती मला म्हणाली, "तुमी पह्यले ओळीत गोष्टी सांगायच्या म्हनं. आई सांगत व्हती. ती गाडीवाली सांगा ना."

माझा चिमटा कळीत होता. आत किती केसर उरले ते मला दिसेना. मी म्हणाले, जुनी झाली ती, विसरले. तेव्हा गोणपाटावरून आक्का बोलली. दोरा ओवायचं तिने थांबवलं नव्हतं.

"सांग तिला. पर या बारीला त्या बाईला खाली उतरवू नगं."

मी चिमटा खाली ठेवला. "आक्का," मी म्हणाले, "ती उतरलीच नव्हती. पिच्चरमदी तो येतच न्हाई. गाडी सुटती अन् संपतं. तो येतो ते म्या माझ्या मनानं केलं व्हतं."

आक्काच्या हातातला दोरा थांबला. तिने माझ्याकडे पाहिलं, आणि तिच्या आवाजात राग असता तर मला बरं झालं असतं.

"मंग कामून उतरवलं तिला?"

तो नट मला आवडायचा म्हणून. बाया ऐकत होत्या म्हणून. बाईंनी तुला विचारलं आणि मला विचारलं नाही म्हणून. तिन्ही खरी होती, आणि तिच्या त्या हातासमोर यातलं एकही तोंडातून निघेना. पोरगी कधी आईकडे, कधी माझ्याकडे बघत होती.

आक्काने पुढची चिठ्ठी उचलली. "सांग आता," म्हणाली. "पोरगी वाट बघून राह्यली."

मी सांगायला लागले. नदी सांगितली नाही, लग्न सांगितलं नाही, एकदम स्टेशनावरूनच सुरुवात केली. बदनापूरचं स्टेशन, लिंबाचं झाड, हातात पेटी, कडेवर तीन वर्षांची पोरगी. गाडी आली. ती चढली. तिने मागे पाहिलं, फलाट रिकामा होता. गार्डाने शिट्टी दिली, गाडी सुटली. तो आला नाही.

"मंग?" पोरीने विचारलं. "पुढं?"

सिनेमा इथेच संपत होता आणि माझ्या वहीत यापुढचं एक पान नव्हतं. इतकी पानं मी भरली होती, पण ती गाडी कुठे जाते हे लिहायचं मला कधी सुचलं नव्हतं. मी म्हणाले, ती सकाळी सिकंदराबादला उतरली. स्टेशनावर एक बाई तिला न्यायला आली होती. तिच्या घरामागे एक खोली रिकामी होती. पोरीला तिने शाळेत घातलं. आणि तिथे एक मोठं फारम होतं, तिथे तुरीला फुलं लागली होती. तिचे हात बघून तिथल्या साहेबाने तिला ओळीत उभं केलं आणि चिमटा दिला.

इथे मी अडखळले. आक्काने मान वर केली नाही, तिचा डावा हात चिठ्ठीच्या भोकातून दोरा ओवत होता.

"निळा दोरा द्या म्हन तिला," ती म्हणाली.